बातमीपासून दिठीपर्यंत : सुमित्रा भावे यांची चित्रसाधना

आमच्या लहानपणी रेडिओ घराच्या उंच फळीवर ठेवलेला असे. दिल्लीहून प्रसारित होणाऱ्या मराठी बातम्या लागल्या की वडील नुसता हात वर करीत आणि सारे घर गप्प होई. स्वयंपाकघरातली भांडीसुद्धा त्या दहा मिनिटांत जपून हाताळली जात. बातम्या वाचणाऱ्याचा आवाज त्याचा स्वतःचा असे, पण त्यातला एकही शब्द त्याचा नसे. शब्द दुसऱ्याने लिहिलेले, घटना तिसऱ्याच्या आयुष्यात घडलेली, आणि ऐकणारे आम्ही कुठल्या कुठे. पुढे सेमिनरीत गेल्यावर वेदीजवळ उभे राहून शास्त्रपाठ कसा वाचावा याचे धडे आम्हांस मिळाले तेव्हा हीच शिस्त पुन्हा भेटली. वाचताना आपण मधे येऊ नये, शब्द जसा मिळाला तसा पोचवावा. ही शिस्त मोठी आहे. परंतु तिच्यात एक उणीवही आहे, आणि ती कळायला आम्हांस बरीच वर्षे लागली. नेहमी वाचून दाखविणाऱ्याला समोरच्याचे ऐकण्याची सवय राहत नाही.

ही उणीव ज्यांनी फार लवकर ओळखली आणि तिच्यावर आपल्या परीने मार्ग काढला, अशा एका स्त्रीच्या कामाविषयी आम्ही येथे लिहीत आहोत. सुमित्रा भावे यांचे नाव आमच्या बहुतेक वाचकांस चित्रपटदिग्दर्शिका म्हणून ठाऊक असेल. त्यांच्या ‘कासव’ या चित्रपटाला 64 व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे सुवर्णकमळ मिळाले, तेव्हा वर्तमानपत्रांतून त्यांचे छायाचित्रही झळकले होते. परंतु दिल्लीच्या आकाशवाणीवर त्यांनी काही काळ मराठी बातम्या वाचल्या होत्या, हे थोड्यांना माहीत आहे. 19 एप्रिल 2021 रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. आता त्यांच्या साऱ्या कामाकडे शांतपणे मागे वळून पाहता येते. आम्ही चित्रपटाचे जाणकार नव्हे. आमचे म्हणणे एवढेच आहे की, सुमित्राबाईंच्या उत्तम कृतींमागे ऐकण्याची एक शिस्त उभी आहे, आणि जिथे ती शिस्त ढिली पडते तिथे त्यांचा चित्रपट प्रवचनाच्या वाटेला लागतो. प्रवचन हा आमचा रोजचाच व्यवसाय असल्याने त्यातले धोके आम्हांस थोडेफार कळतात.

सुमित्राबाईंचा जन्म 12 जानेवारी 1943 रोजी पुण्यात झाला. फर्ग्युसन महाविद्यालयातून शिक्षण, पुढे समाजशास्त्राचा अभ्यास, मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत ग्रामीण कल्याणाचे प्रशिक्षण आणि नंतर पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत अध्यापन, असा त्यांचा मार्ग होता. यात कॅमेरा कुठेच नाही. चित्रपटाचे रीतसर शिक्षण त्यांनी कधी घेतले नाही. तो त्यांच्या आयुष्यात आला तो ‘स्त्रीवाणी’ या उपक्रमाच्या निमित्ताने, आणि येथे आमच्या वाचकांनी थोडे थांबून पाहावे. ‘स्त्रीवाणी’चे नाते पुण्याच्या ईशवाणी केंद्राशी होते. हे केंद्र एस.व्ही.डी. संघाच्या धर्मगुरूंनी चालविलेले. म्हणजे मराठी चित्रपटातील एका महत्त्वाच्या प्रवासाची सुरुवात आपल्या अंगणाजवळून झालेली आहे. आपण मात्र ती गोष्ट सांभाळून ठेवली नाही. आपल्या धर्मग्रामांतून संतांच्या जीवनावरील परदेशी चित्रपट हौसेने दाखविले गेले. हा वारसा दाखवावा असे कोणाला सुचले नाही, आम्हांसही नाही.

‘स्त्रीवाणी’त सुमित्राबाई झोपडपट्टीतील निरक्षर स्त्रियांचा अभ्यास करीत होत्या. या स्त्रिया स्वतःकडे कोणत्या नजरेने पाहतात, हा त्यांचा प्रश्न होता. या कामातून आठ दलित स्त्रियांची आत्मकथने सिद्ध झाली. गौरी देशपांडे यांनी ती इंग्रजीत नेली आणि 1988 साली दिल्लीच्या इंडियन सोशल इन्स्टिट्यूटने, म्हणजे येशूसंघीयांच्याच संस्थेने, ‘पॅन ऑन फायर’ या नावाने ती प्रसिद्ध केली. पुस्तक मोलाचे आहे. परंतु त्यातली अडचण त्याच्या मुखपृष्ठापासूनच सुरू होते. ज्यांनी आपले आयुष्य मराठीत, चुलीजवळ बसून, अडखळत सांगितले, त्या बायकांच्या हाती ते इंग्रजी पुस्तक दिले तरी त्यांनी ते वाचावे कसे? संशोधक येतो, विचारतो, लिहून घेतो, निघून जातो, आणि सांगणाऱ्याच्या घरी काहीच परत येत नाही. हा अहवालांचा जुना दोष आहे. आपल्या संस्थांच्या कपाटांतही असे पुष्कळ अहवाल पडून आहेत.

सुमित्राबाईंना हे खटकले. अक्षर न ओळखणाऱ्या बाईपर्यंत तिचेच म्हणणे परत न्यायचे तर ते दिसले पाहिजे आणि ऐकू आले पाहिजे, या विचारातून 1985 साली ‘बाई’ हा लघुपट झाला. वस्तीतील एका स्त्रीची जगण्याची झुंज त्यात आहे. कुटुंबकल्याण या विषयावरील उत्कृष्ट लघुपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. पाठोपाठ 1987 साली ‘पाणी’ आला. गावच्या पाण्याच्या प्रश्नाशी झुंजणाऱ्या बायकांचा हा लघुपटही राष्ट्रीय पुरस्काराचा मानकरी ठरला. याच सुमारास पुण्याच्या चित्रपटसंस्थेत शिकलेले सुनील सुकथनकर त्यांच्याबरोबर आले, ‘विचित्र निर्मिती’ ही संस्था उभी राहिली, आणि पुढे तीन दशकांहून अधिक काळ या दोघांनी मिळून अनेक लघुपट आणि डझनाहून अधिक चित्रपट केले.

‘बाई’ला अनुबोधपट म्हणावे की कथा, असा प्रश्न पडतो. घडलेल्या आयुष्यांतून वेचलेली ती गोष्ट आहे, पण ती अभिनयाने उभी केली आहे. आम्हांस वाटते, बातमी आणि कथा यांच्या मधली ही जागा सुमित्राबाईंनी समजून निवडली. बातमी सांगते की अमुक वस्तीत अमुक झाले. त्यात बाईचे नाव आले तर आले, तिचा श्वास येत नाही. निव्वळ कल्पित कथेत श्वास असतो, पण ‘हे खरे कशावरून?’ असा संशय घेऊन श्रोता मोकळा होऊ शकतो. ऐकलेल्या साक्षीवर उभारलेली गोष्ट या दोन्ही पळवाटा बंद करते. आमच्या सोलापुरात हे पटायला वेळ लागत नाही. गिरण्यांच्या चिमण्या थंडावल्यानंतर या शहरातली कितीतरी घरे विडी वळणाऱ्या बायकांच्या बोटांवर तगली. सकाळी पाने भिजवायची, कातरायची, सूप मांडीवर घेऊन बसायचे आणि दिवसाचा हजाराचा आकडा गाठायचा. त्यांच्यावर निवेदने लिहिली गेली, मोर्चे निघाले, घरकुलांच्या वसाहतीही झाल्या. पण त्यांच्यापैकी एखादीने आपली गोष्ट पुरती सांगितली आणि कोणी ती पुरती ऐकली, असे किती वेळा घडले असेल?

लघुपटांकडून सुमित्राबाई मोठ्या चित्रपटाकडे वळल्या त्या 1995 च्या ‘दोघी’ने. लग्नाच्या दिवशीच नवरदेवाचा मृत्यू होतो, मुलगी पांढऱ्या पायाची ठरते, आणि घर सावरण्यासाठी तिला मुंबईस धाडले जाते. तिथून येणारा पैसा घराला चालतो, ती स्वतः मात्र चालत नाही. सोनाली कुलकर्णी व रेणुका दफ्तरदार या बहिणी आणि उत्तरा बावकरांनी उभी केलेली आई अजून डोळ्यांपुढून जात नाही. या आईला चित्रपट दुष्ट ठरवीत नाही. ती मुलीला कवटाळू इच्छिते आणि गावाच्या भीतीने हात मागे घेते. तिचे हे न बोलणे ऐकणे हीच दिग्दर्शकाची कसोटी होती, आणि तीत हा चित्रपट पूर्ण उतरतो. आपल्या घरांतही अशा आया आहेत, आणि आपल्या धर्मग्रामांनीही काही मुलींना असेच दाराबाहेर ठेवले आहे, हे चित्रपट पाहताना आठवल्यावाचून राहत नाही.

यानंतरच्या चित्रपटांची यादी वाचली तर वाचकास एक गोष्ट जाणवेल. ‘दहावी फ’ नापास ठरविलेल्या मुलांविषयी, ‘देवराई’ छिन्नमनस्कतेविषयी, ‘नितळ’ अंगावरील पांढऱ्या डागांविषयी, ‘एक कप च्या’ माहितीच्या अधिकाराविषयी. प्रत्येक चित्रपटाला एक विषय आहे आणि तो एका ओळीत सांगता येतो. त्या काळी मराठी पडदा स्वस्त विनोदाने भरलेला होता, त्यामुळे असे विषय घेणे हेच धाडस होते, हे मान्य करायला हवे. ‘देवराई’ पाहून कितीतरी कुटुंबांना आपल्या घरातील आजाराला प्रथमच नाव सापडले असेल. ‘एक कप च्या’तील वाहकाला विजेचे अवाच्या सवा बिल येते आणि दाद मागण्याची वाट त्याला माहितीच्या कायद्यात सापडते. हा चित्रपट पाहणाऱ्याला कायदा तर कळतोच, पण किशोर कदमांनी उभा केलेला तो साधा, चिवट माणूसही कळतो.

तरीही आमची तक्रार आहे ती येथेच. विषय एका ओळीत सांगता येऊ लागला की पात्रांनाही तो सांगण्याचा मोह होतो. यांपैकी काही चित्रपटांत मधेच कोणीतरी समजूतदार माणूस, डॉक्टर, शिक्षक किंवा कार्यकर्ता, थांबून आपल्याला समजावून देतो. माहिती बरोबर असते, हेतू निर्मळ असतो, आणि गोष्ट मात्र तेवढ्यापुरती जागच्या जागी उभी राहते. जणू फळीवरचा तो जुना रेडिओ पुन्हा बोलू लागतो. रोगाचे निदान झाले, औषध लिहून दिले, प्रेक्षकाने कागद खिशात घालून घरी जावे. माणसाचे दुःख मात्र निदानाने संपत नाही. कबुलीजबाबाच्या जाळीमागे बसणाऱ्या कोणालाही हे ठाऊक असते, तरी तोही घाईने उपदेश करून मोकळा होतोच.

या मोहातून सुमित्राबाई सुटल्या त्या ‘अस्तु’मध्ये. विषय पुन्हा आजाराचाच, स्मृतिभ्रंशाचा. डॉ. मोहन आगाशे यांनी साकारलेले चक्रपाणी शास्त्री संस्कृतचे प्रकांड पंडित. मुलीबरोबर गाडीतून बाहेर पडलेले असताना ते एका हत्तीमागे निघून जातात आणि माहुताच्या कुटुंबात जाऊन पोचतात. ज्याने आयुष्यभर शब्दांची उपासना केली त्याचे शब्द गळून पडले आहेत, आणि त्याला सांभाळते कोण, तर भटक्या माहुताची कानडी बोलणारी बायको चन्नम्मा. अमृता सुभाष यांना या भूमिकेसाठी साहाय्यक अभिनेत्रीचा आणि सुमित्राबाईंना संवादांसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चन्नम्माची ती मिश्र बोली पुण्यामुंबईच्या प्रेक्षकाला कौतुकाची वाटली असेल. सोलापूरच्या माणसाला ती शेजारणीची वाटते. आमच्या गल्लीत मराठी, कानडी, तेलुगू आणि दखनी या भाषा एकाच नळाला पाणी भरतात. भांडण एका भाषेत सुरू होते आणि समजूत दुसऱ्या भाषेत पटते. चन्नम्माला त्या म्हाताऱ्याच्या रोगाचे नाव माहीत नाही. शास्त्रींचे मोठेपण तिला ठाऊक नाही. तो भुकेला आहे आणि लेकरासारखा झाला आहे, इतकेच तिला दिसते, आणि ती त्याला भरवते. येथे कोणीही काही समजावून देत नाही, आणि आम्हांस सारे समजते. बातमी वाचणाऱ्या एका तरुणीने कित्येक वर्षांनी शब्दांविना सांगण्याची विद्या पुरती हस्तगत केली, हे या एका प्रसंगावरून म्हणता येईल.

आता ‘कासव’. आत्महत्येच्या कड्यावरून परतलेला एक तरुण रस्त्याच्या कडेला तापाने फणफणलेला सापडतो. इरावती हर्षे यांची जानकी त्याला कोकणातील समुद्रकाठच्या घरी घेऊन जाते. ती स्वतःही मनाच्या आजारातून वाट काढीत आली आहे. ती त्याचे नाव विचारीत नाही, गाव विचारीत नाही, ‘असे का केलेस?’ असे तर नाहीच नाही. जेवण वाढते, अंथरूण देते आणि वाट पाहते. किनाऱ्यावर कासविणीची अंडी राखण्याचे काम चाललेले आहे. राखणारा फक्त पहारा देतो. पिल्लू कवच फोडून आपले आपणच पाण्याकडे जाते. चित्रपटाचा सारा आशय या पहाऱ्यात आहे, आणि तो फार सुंदर आहे.

काही वर्षांपूर्वी आमच्या धर्मग्रामाच्या सभागृहात आम्ही हा चित्रपट काही कुटुंबांसमवेत पाहिला. नंतर चहा घेताना तरुणांनी छायाचित्रणाची स्तुती केली, सिस्टरांनी जानकीच्या शांतपणाची. तेवढ्यात मागच्या बाकावरून विडीच्या कामातून निवृत्त झालेल्या एक आजी म्हणाल्या, “फादर, तिच्याकडं समुद्राकाठी घर हाय, गाडी हाय, रांधायला माणूस हाय. आमच्यात असं पोरगं निघालं तर त्याला निजवायचं कुठं? एका खोलीत आम्ही सहाजण.” सभागृहात क्षणभर कोणी बोलले नाही. आम्हीही नाही.

आमच्या मते ‘कासव’वरची ही सर्वांत नेमकी टीका आहे, आणि ती कोणत्याही परीक्षणात आमच्या वाचनात आली नव्हती. ज्या दिग्दर्शिकेने वस्तीतल्या ‘बाई’पासून सुरुवात केली, तिच्या शेवटच्या काळातील करुणेला मोठे अंगण लागते. मौन पाळायलाही जागा लागते, वेळ लागतो आणि चुलीवर कोणाला तरी भात शिजवावा लागतो. तो शिजविणारा माणूस चित्रपटात आहे आणि तो गोडही आहे, परंतु गोष्ट त्याची नाही. सुवर्णकमळाचा मान राखूनही हे म्हणावेच लागेल.

पण आजींचा प्रश्न तेवढ्यावर संपत नाही. तो आमच्याकडेही वळतो. त्याच्या आधी एकदा आमच्याकडे असाच एक कोवळा मुलगा आणला गेला होता. जगणे नको झाले असे तो आईजवळ बोलला होता. आम्ही त्याला अर्धा तास चांगले, शुद्ध मराठीत समजाविले. जीवन हे देवाचे दान आहे, आईबापांचे ऋण आहे, सारे सांगितले. त्यातला एकही शब्द चुकीचा नव्हता. त्या अर्ध्या तासात तो मुलगा दोन वाक्येही बोलला नाही, आणि हे आमच्या ध्यानात आले ते ‘कासव’ पाहताना. देवकृपेने तो आज कामधंद्याला लागला आहे. त्याचे श्रेय आमच्या अर्ध्या तासाकडे जात नाही. घराच्या एकाच खोलीत, सहाजणांत, त्याची थोरली बहीण कित्येक रात्री त्याच्या उशाशी जागी बसली होती, असे पुढे कळले. आजींच्या प्रश्नाचे उत्तर त्या बहिणीने दिले होते. त्या एका खोलीची गोष्ट अजून कोणी पडद्यावर आणलेली नाही. सुमित्राबाईंनी 1985 साली ती आणली असती, असे मनात येते.

कदाचित असाच काही विचार त्यांच्याही मनात असावा, कारण त्यांचा अखेरचा चित्रपट ‘दिठी’ पुन्हा गरिबाच्या घरी येतो. दि. बा. मोकाशी यांच्या ‘आता आमोद सुनासि आले’ या कथेवर तो आधारलेला आहे आणि त्याचे दिग्दर्शन एकट्या सुमित्राबाईंचे आहे. त्यांच्या निधनानंतर महिन्याभराने, मे 2021 मध्ये, तो लोकांसमोर आला. रामजी लोहार हा पंढरीचा वर्षानुवर्षांचा वारकरी. आमच्याच जिल्ह्यातल्या त्या नगरीची वाट चालून त्याचे पाय झिजले आहेत. त्याचा तरणा मुलगा पुरात वाहून जातो आणि इतक्या वर्षांची भक्ती त्याच्या उपयोगी पडेनाशी होते. पावसाच्या रात्री गावातली मंडळी पोथी वाचीत बसली आहेत. वाचन चालू आहे, शब्द थोर आहेत, आणि रामजीच्या कानांपर्यंत ते पोचत नाहीत. अशात त्याला बोलावणे येते, कारण एक गाय अडली आहे आणि तिला सोडविण्याचे कसब त्याच्याच हातांत आहे. तो जातो. वासराचा जन्म होत असताना त्या दुःखी बापाच्या डोळ्यांत जे उजाडते ते किशोर कदम यांच्या चेहऱ्यावर पाहावे. त्याचे वर्णन आम्ही करणार नाही.

वाचकहो, पोथी खोटी नव्हती. ती वाचणारेही ढोंगी नव्हते. तरी तिचा अर्थ रामजीला गोठ्यात, चिखलात गुडघे टेकून कळला. बातम्यांच्या खोलीत दुसऱ्याचे शब्द वाचून ज्यांनी आरंभ केला, त्यांनी आपल्या अखेरच्या चित्रपटात वाचलेला शब्द आणि जगलेला शब्द असे शेजारी शेजारी ठेवले आणि निवाडा आपल्यावर सोडला. त्यांच्या कामात उपदेशाचे डाग आहेत, ते आम्ही दाखविले. परंतु मराठी चित्रपटात इतक्या चिकाटीने माणसांचे ऐकून घेणारे दुसरे नाव आम्हांस चटकन आठवत नाही.

येत्या पावसाळ्यात, वारी पंढरपुरी पोचेल त्या आठवड्यात, आमच्या सभागृहात ‘दिठी’ दाखविण्याचा विचार आहे. चित्रपटानंतर आम्ही भाषण करणार नाही, असे आताच कबूल करून ठेवतो. आजींना पुढच्या बाकावर बसण्याची विनंती केली आहे. बोलण्याची सुरुवात त्यांनी करायची आहे.